निकाल लागला, पुढे काय?



वसंतातल्या या व्याख्यानांची चाल महाराष्ट्रात घातली ती न्यायमूर्ती रानडे यांनी, १८७५ साली पुण्यात. ते स्वतः न्यायखात्यातले. तेव्हा अशा व्यासपीठावरून न्यायालयाविषयी बोलायचे तर एखाद्या निवृत्त न्यायाधीशांना किंवा नामांकित वकिलांना पाचारण करावे, ही रीत. चालकांनी या वेळी कामगार संघटनेच्या माणसाला बोलावले आहे. आमची शाळा सातवीत सुटली. पुढे छापखान्यात खिळे जुळवायला लागलो, आणि कायद्याची पुस्तके आम्ही प्रथम पाहिली ती शिशाच्या उलट्या अक्षरांत. नंतरची तीस वर्षे कामगारांची प्रकरणे घेऊन न्यायालयांच्या व्हरांड्यांत बसण्यात गेली. तेथे जे कळले तेवढेच आम्ही सांगणार आहोत. विद्वत्तेची अपेक्षा आपण ठेवू नये.

विषय आहे न्यायालयाचा अवमान. हे शब्द कानी पडले की आपल्या डोळ्यांपुढे एक चित्र उभे राहते. कोणी तरी न्यायाधीशांविषयी वेडेवाकडे बोलला, न्यायाधीशांना राग आला, आणि त्या माणसाला शिक्षा झाली. म्हणजे हा मोठ्या लोकांच्या मानापमानाचा मामला, आपला त्याच्याशी संबंध काय? आम्हालाही पुष्कळ वर्षे असेच वाटत असे. आमचा तो समज एका मावशींनी दूर केला. त्यांची हकीकत आधी सांगतो.

एका नगरपालिकेत तेवीस सफाई कामगार रोजंदारीवर होते. कोणाची बारा वर्षे झाली होती, कोणाची अठरा. त्यांना किमान वेतनाइतकीही मजुरी मिळत नव्हती. संघटनेने प्रकरण न्यायालयात नेले. तारखांवर तारखा पडल्या आणि अखेर निकाल कामगारांच्या बाजूने लागला. वेतनातला मागचा सगळा फरक तीन महिन्यांत द्यावा, असा स्वच्छ हुकूम झाला. आम्ही पेढे वाटले. हुकुमाच्या नकला काढून प्रत्येकाच्या हाती एकेक दिली. या मावशींनी आपली नक्कल प्लॅस्टिकच्या पिशवीत घातली आणि रेशनकार्डाबरोबर बिस्किटांच्या डब्यात ठेवली.

तीन महिने उलटले. मावशी डब्यातला कागद काढून नगरपालिकेच्या खिडकीशी गेल्या. तेथल्या कारकुनाने तो वाचला, घडी घातली आणि परत देत म्हटले, "हा तुमच्याजवळच ठेवा. आमच्याकडे वरून काही आलेले नाही." मावशी तडक आमच्याकडे आल्या. म्हणाल्या, "भाऊ, कोर्टाच्या वर आणखी कोण असतं?"

बंधुभगिनींनो, आजच्या व्याख्यानाचा सगळा विषय त्या एका प्रश्नात आहे.

आता कायदा काय म्हणतो ते थोडक्यात पाहू. १९७१ चा न्यायालय अवमान कायदा अवमानाचे दोन प्रकार मानतो. एक फौजदारी अवमान: न्यायालयाची बदनामी करणे, न्यायदानाच्या कामात अडथळा आणणे. दुसरा दिवाणी अवमान: न्यायालयाचा निकाल किंवा हुकूम बुद्धिपुरस्सर न पाळणे, किंवा न्यायालयाला दिलेली हमी बुद्धिपुरस्सर मोडणे. वर्तमानपत्रांत गाजतो तो पहिला प्रकार. केरळचे मुख्यमंत्री नंबुद्रीपाद यांनी न्यायाधीशांना वर्गीय पूर्वग्रह असतो असे म्हटले, तेव्हा त्यांना एक हजार रुपये दंड झाला. सर्वोच्च न्यायालयाने १९७० मध्ये दोष कायम ठेवला, पण दंड पन्नास रुपयांवर आणला. अशा खटल्यांवर चर्चा झडतात, आणि झडाव्यात. परंतु मावशींच्या डब्यातल्या कागदाला जी कीड लागते ती दुसऱ्या प्रकारची. ती आवाज करीत नाही. तिथे कोणी न्यायाधीशांना अपशब्द बोलत नाही. उलट प्रत्येक पत्रात 'मा. न्यायालय' असे आदराने लिहिलेले असते. फक्त हुकूम तेवढा पाळला जात नाही.

नारायणराव पेशव्यांचा खून १७७३ साली झाला. रामशास्त्री प्रभुणे यांनी चौकशी करून खुद्द राघोबादादांना दोषी ठरवले, ही गोष्ट आपण शाळेत शिकलो. शास्त्रीबोवांच्या बाणेदारपणाशी तो धडा संपतो. पण आमच्यासारख्याला पुढचा प्रश्न पडतो. त्या निकालाचा अंमल झाला का? झाला नाही. अंमल ज्याने करायचा तोच आरोपी होता. राघोबादादांना शिक्षा झाली नाही आणि शास्त्रीबोवा पुणे सोडून वाईजवळच्या एका खेड्यात जाऊन राहिले. न्यायाधीश निर्भय होता, निकाल खरा होता, तरी जे व्हायचे ते झाले नाही.

आजच्या न्यायालयाची स्थिती या बाबतीत फारशी वेगळी नाही. त्याच्या हाताशी स्वतःची फौज नाही, तिजोरी नाही. दोन शेतकऱ्यांच्या बांधाचा निकाल लागला तर सरकारी यंत्रणा तो बजावते. पण निकाल त्या यंत्रणेच्याच विरुद्ध लागला म्हणजे काय करायचे? राज्यघटना करणाऱ्यांना ही अडचण ठाऊक होती. म्हणून त्यांनी १४४ व्या अनुच्छेदात लिहून ठेवले की देशातील सर्व अधिकाऱ्यांनी सर्वोच्च न्यायालयाला साहाय्यभूत होऊन वागावे. आणि १२९ व २१५ या अनुच्छेदांनी सर्वोच्च व उच्च न्यायालयांना अवमानाबद्दल शिक्षा करण्याचा अधिकार दिला. रामशास्त्र्यांजवळ जे नव्हते ते हे. न्यायाधीशांच्या मानासाठी नव्हे, तर मावशींच्या कागदाला किंमत राहावी म्हणून हा अधिकार आहे, असे आमचे मत आहे.

हुकूम मोडला जातो तो कसा, हे सांगण्यात आमचा थोडा अधिकार आहे. 'आम्ही न्यायालयाचे ऐकत नाही' असे कोणताही अधिकारी म्हणत नाही. रीती निराळ्या असतात.

पहिली रीत अपिलाची. 'आम्ही वर अपील केले आहे' असे उत्तर येते आणि कामगार निमूटपणे परत जातो. आम्हीही प्रथम असेच परतलो होतो. वास्तविक दिवाणी प्रक्रिया संहितेत स्वच्छ लिहिले आहे की नुसते अपील केल्याने हुकुमाला स्थगिती मिळत नाही. स्थगिती वेगळी मागावी लागते आणि ती न्यायालयाने द्यावी लागते. स्थगितीचा कागद दाखवा, असे म्हणायला आम्ही शिकलो तेव्हा पुष्कळ अपिले मुळात झालेलीच नव्हती असे आढळले.

दुसरी रीत शब्दांची. 'यांच्या अर्जाचा आठ आठवड्यांत विचार करावा' असा हुकूम असतो. कामगाराला वाटते आपण जिंकलो. सातव्या आठवड्याच्या अखेरीस पत्र येते: विचार केला, मागणी अमान्य. हुकूम पाळला गेला आणि हाती काही आले नाही. म्हणून आम्ही कार्यकर्त्यांना सांगतो की निकालपत्र शेवटून वाचा. 'करावे' लिहिले आहे की 'विचार करावा', हे आधी पाहा आणि मग पेढ्यांची ऑर्डर द्या.

तिसरी रीत बदलीची. जबाबदार अधिकारी दुसऱ्या गावी जातो आणि नवा येतो तो म्हणतो, मला आताच कार्यभार मिळाला, प्रकरणाचा अभ्यास करू द्या. अभ्यास पुरा होतो न होतो तोच त्याचीही बदली.

चौथी रीत अर्धवट पालनाची. तेवीस जणांपैकी सातांना पैसे द्यायचे आणि शपथपत्रात 'हुकुमाचे पालन सुरू आहे' असे लिहायचे.

आणि पाचवी रीत माफीची. अवमानाची नोटीस निघाली, तारीख दोन दिवसांवर आली, की वर्षानुवर्षे न हललेली फाईल एका दुपारी पाच टेबलांवरून सही होऊन येते. जोडीला बिनशर्त माफीचे शपथपत्र. न्यायालयही हुकूम पाळला गेला म्हणून प्रकरण मिटवते. सरकारी काम अन् सहा महिने थांब, ही म्हण आपण हसत वापरतो. जे काम एका दुपारी होऊ शकत होते ते चार वर्षे का झाले नाही, हे मात्र कोणी विचारत नाही.

या सगळ्यावर शिक्षा किती? सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, दोन हजार रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. हा दोन हजारांचा आकडा १९२६ च्या कायद्यात होता, १९५२ च्या कायद्यात होता आणि १९७१ च्या कायद्यातही राहिला. १९२६ साली दोन हजार ही भलतीच मोठी रक्कम होती. आज तिची जरब किती, ते आपणच ठरवा. शिवाय अवमानाची कारवाई एका वर्षाच्या आत सुरू व्हावी लागते. जो गरीब माणूस 'होईल, होईल' म्हणून वाट पाहतो, त्याचे वर्ष असेच निघून जाते.

परंतु चित्र सारे काळेच आहे असे आम्ही म्हणत नाही. चार दाखले सांगतो.

पहिला बिहारचा. जमीनदारी नाहीशी करण्याच्या कायद्याखाली एका राणीची मालमत्ता सरकारकडे जायची होती. दिवाणी न्यायालयाची तात्पुरती मनाई असताना सरकारने अधिसूचना काढली. १९६० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की मनाईहुकूम राज्य सरकारवरही बंधनकारक आहे. आता आमची सहानुभूती कुळांकडे, राणीकडे नव्हे. तरी हा निकाल आम्हाला मोलाचा वाटतो. राणीच्या हातातला कागद सरकारला मोडता आला असता, तर सफाई कामगाराच्या हातातला कागद कोणी विचारला असता?

दुसरा दाखला कर्नाटकचा. एका अभियंत्याच्या बढतीविषयीचा हुकूम पाळला नाही म्हणून १९९५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने राज्याच्या सचिवपदावरील सनदी अधिकाऱ्याला एक महिन्याची कैद दिली. तिसरा आपल्याच महाराष्ट्रातला. विनापरवाना लाकूड कारखाने बंद करण्याचा हुकूम सर्वोच्च न्यायालयाने १९९७ मध्ये दिला होता. तो असताना पुढे काही कारखान्यांना परवानगी दिली गेली. २००६ च्या मे महिन्यात मंत्री स्वरूपसिंग नाईक आणि वनखात्याचे सचिव राहिलेले अशोक खोत या दोघांना एकेक महिन्याची कैद झाली. चौथा आंध्र प्रदेशातला, आणि आम्हाला सर्वांत जवळचा. गुंटूर जिल्ह्यात उच्च न्यायालयाची मनाई असताना २०१३-१४ च्या सुमारास एका तहसीलदाराने गरिबांच्या झोपड्या पाडल्या. पुढे त्याला बढती मिळून तो उपजिल्हाधिकारी झाला. २०२५ च्या मे महिन्यात सर्वोच्च न्यायालयाने त्याला पुन्हा तहसीलदार केले आणि एक लाख रुपये दंड ठोठावला. झोपडी पाडणाऱ्या माणसाची एक पायरी पाडली गेली. ही शिक्षा आमच्या कामगारांना कैदेपेक्षा अधिक समजली.

दुसरी बाजूही मांडली पाहिजे. 'बुद्धिपुरस्सर' हा शब्द कायद्यात उगीच घातलेला नाही. हुकूमच संदिग्ध असेल, पैसे मंजूर करण्याचा अधिकार वरच्या कचेरीत असेल, तर खालच्या अधिकाऱ्याला धारेवर धरणे हा न्याय नव्हे. उत्तर प्रदेशात एका प्रकरणात उच्च न्यायालयाने वित्तखात्याच्या वरिष्ठ अधिकाऱ्यांना ताब्यात घेण्यापर्यंत मजल मारली. २०२४ च्या जानेवारीत सर्वोच्च न्यायालयाने ते हुकूम रद्द केले आणि अधिकाऱ्यांना ऊठसूट न्यायालयात बोलावू नये, त्यांच्या पोशाखावर ताशेरे मारू नयेत, अशी नियमावली घालून दिली. ते योग्यच झाले. अधिकारीही माणूस आहे, आणि पुष्कळदा संघटनेचा सभासदही आहे.

आता जे सांगायला आम्हाला जड जाते ते सांगतो. ते टाळले तर हे व्याख्यान लबाडीचे ठरेल.

नगरपालिकेच्या प्रकरणाच्या आधी एका कारखान्यात आमचा संप चालू होता. मालकाने न्यायालयातून मनाईहुकूम आणला की दरवाजापासून शंभर मीटरच्या आत सभा घेऊ नये. आम्ही तो हुकूम हातात धरून, दरवाजासमोरच उभे राहून, भाषण केले. हा मालकाचा कागद आहे, याला आम्ही भीक घालीत नाही, असे म्हणालो. टाळ्या पडल्या. दुसऱ्या दिवशी स्थानिक वर्तमानपत्रात फोटो आला. पुढे काही वर्षांनी आम्ही नगरपालिकेविरुद्ध अवमानाचा अर्ज केला, तेव्हा समोरच्या वकिलांनी तेच कात्रण न्यायालयापुढे ठेवले. न्यायाधीशांनी ते पाहिले आणि आम्हाला एवढेच विचारले, "हे आपणच ना?" आम्ही होय म्हणालो. त्या वेळी मागच्या बाकावर मावशी बसल्या होत्या. त्यांच्याकडे वळून पाहण्याचे धैर्य आम्हाला झाले नाही.

त्या रात्री आम्ही स्वतःशी पुष्कळ वाद घातला. मनात आले, मालकाचे आणि मजुराचे बळ सारखे नाही, मग नियम सारखा का? आणि गांधीजींनीही हुकूम मोडले होते ना? म्हणून आम्ही गांधीजींचे प्रकरण काढून वाचले. अहमदाबादच्या जिल्हा न्यायाधीशांनी सत्याग्रही वकिलांविषयी उच्च न्यायालयाला लिहिलेले पत्र त्यांनी १९१९ मध्ये 'यंग इंडिया'त छापले. उच्च न्यायालयाने माफी मागण्यास सांगितले. गांधीजींनी नकार दिला, पण आपण केले ते उघडपणे कबूल केले आणि जी शिक्षा होईल ती भोगण्याची तयारी दाखवली. १९२० च्या मार्चमध्ये मुंबईच्या उच्च न्यायालयाने त्यांना कडक समज देऊन सोडले.

येथे आम्हाला फरक कळला. सत्याग्रही हुकूम मोडतो तो भर उजेडात, आणि शिक्षेसाठी मान पुढे करतो. कचेरीतला माणूस हुकूम मोडतो तो फाईलीआड, आणि मुदतवाढ मागतो. आणि आम्ही? आम्ही टाळ्यांसाठी हुकूम मोडला आणि शिक्षेची वेळ येऊ नये म्हणून वकील दिला. म्हणजे आम्ही गांधीजींच्या रांगेत नव्हतो, त्या खिडकीतल्या कारकुनाच्या रांगेत होतो. दुसऱ्या दिवशी आम्ही लेखी दिलगिरी सादर केली. तेव्हापासून विरुद्ध गेलेला हुकूमही आम्ही पाळतो आणि तो उलटवायचा तर वरच्या न्यायालयात जातो. २०२१-२२ च्या एस. टी. संपात महामंडळाने कामगारांविरुद्ध अवमान याचिका केली होती, हे आपल्याला आठवत असेल. हे हत्यार दोन्ही बाजूंनी चालते. ज्याला ते उद्या सरकारवर चालवायचे आहे, त्याने आज स्वतःवर चालवून घेण्याची तयारी ठेवली पाहिजे.

मावशींचे पुढे काय झाले? न्यायाधीशांनी आमची दिलगिरी नोंदवून घेतली आणि नगरपालिकेला नोटीस काढली. तोवर तीन मुख्याधिकारी बदलले होते. तारखेच्या आदल्या दिवशी धनादेश तयार झाले. निकालापासून तो दिवस उजाडेपर्यंत चार वर्षे गेली होती. तेवीस जणांपैकी तिघे मधल्या काळात वारले. त्यांच्या वारसांना पैसे मिळण्यास आणखी एक वर्ष लागले.

या प्रकरणात शहरवासीयांचा काय संबंध, असे कोणी म्हणेल. त्या विलंबाचे व्याज, वकिलांची फी, तारखांना गेलेल्या गाडीचे पेट्रोल, हे सारे नगरपालिकेच्या निधीतून गेले. म्हणजे आपल्या घरपट्टीतून गेले. हुकूम पाळला नाही एका टेबलाने, भुर्दंड बसला साऱ्या गावाला. बुलडोझरच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १३ नोव्हेंबर २०२४ रोजी म्हटले की हुकूम डावलून घर पाडणाऱ्या अधिकाऱ्याला अवमानाखेरीज नुकसानभरपाईही स्वतःच्या खिशातून द्यावी लागेल. हे तत्त्व पाडकामापुरते राहू नये, असे आमचे म्हणणे आहे.

म्हणून आमच्या सूचना साध्या आहेत. ज्याच्या बाजूने निकाल लागला त्याने प्रमाणित नक्कल काढावी. ती स्वतःच्या अर्जासह जबाबदार अधिकाऱ्याला पदनामाने द्यावी, दुय्यम प्रतीवर पोच आणि आवक क्रमांक घ्यावा. हुकुमातली मुदत कॅलेंडरवर खुणेने लिहून ठेवावी आणि ती उलटताच लेखी स्मरणपत्र द्यावे. वर्षाची मर्यादा विसरू नये. हे झाले वैयक्तिक. आता सार्वजनिक. आपल्या नगरपालिकेविरुद्ध न्यायालयांचे किती हुकूम झाले, त्यांपैकी किती पाळले, किती बाकी आणि कोणत्या टेबलावर, याची एक नोंदवही असावी आणि ती दर तीन महिन्यांनी सर्वसाधारण सभेपुढे यावी. माहितीचा अधिकार २००५ पासून आपल्या हाती आहे. या सभागृहातल्या दहा जणांनी दहा अर्ज केले तरी सुरुवात होईल.

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, असे आपले वाडवडील सांगत आले. पायरी चढून, जिंकून, खाली उतरल्यावरही माणसाचा हात रिकामाच राहतो, हे त्यांनी पाहिले असावे. ती म्हण खोटी ठरवणे एकट्या न्यायाधीशांच्या हाती नाही.

मावशींना धनादेश मिळाला त्या दिवशी आम्ही त्यांच्याबरोबर त्याच खिडकीशी गेलो होतो. सही झाली, पैसे मिळाले, सगळे आनंदात होते. बाहेर आल्यावर त्यांनी विचारले, "भाऊ, कागद परत देणाऱ्या त्या माणसाला कुणी काही विचारलं का हो?" आम्ही म्हणालो, नाही मावशी, कोणी नाही विचारले. हे उत्तर आजही बदललेले नाही. ते बदलावे म्हणून आपल्यापुढे उभे राहिलो.